कडब्याच्या गंजीचा हिमालय

धाराशिवला कॉलेजात आल्यावर पहिले काही महिने माझं आणि मायचं फोनवरचं बोलणं फार लवकर संपायचं.

"जेवलीस का?"

"जेवले."

"काय खाल्लंस?"

"भाकरी."

मग दोघी गप्प. तिच्या मागं म्हैस रेकायची, माझ्या मागं खोलीतला पंखा कुरकुरायचा. "बरं, ठेव मग," ती म्हणायची. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. इथलं तिला काय सांगावं आणि कसं, मला कळायचं नाही. असंच चाललं तर एक दिवस आमच्यात बोलायला काहीच उरणार नाही, याची मला खरंच भीती वाटायची.

भूगोलाला जगातल्या पर्वतरांगा होत्या. कोऱ्या नकाशावर त्या दाखवायच्या होत्या. एका संध्याकाळी मी तिला भीतभीतच म्हणाले, "आज अँडीज पर्वत शिकले."

"कुठं आला त्यो?"

"दक्षिण अमेरिकेत. पश्चिमेच्या कडेला."

आता ती ठेवणार, असं वाटलं. पण ती म्हणाली, "आपल्या रानात दाव की. म्हंजी मला कळंल."

परंड्याजवळचं आमचं रान मी डोळ्यांपुढं आणलं. मावळतीला ओढा आहे, तो प्रशांत महासागर. ओढ्याच्या काठानं बाभळींची रांग आहे. त्यातल्या वरच्या अंगाच्या बाभळी उत्तर अमेरिकेतला रॉकी, खालच्या अंगाच्या अँडीज. बाभळींच्या अलीकडं चुलत्यांचं रान; तिथं त्यांनी धोंडे वेचून ढीग घातलाय, तो युरोपातला आल्प्स. त्यांच्या आणि आमच्या रानामधला बांध म्हणजे उरल पर्वत. त्याच्या अलीकडं आपण, आशियात.

"म्हंजी चुलता तुझा युरोपात व्हय?"

"व्हय."

"तरीच दरसाल उरल कोरतोय!" ती कितीतरी वेळ हसत होती.

"आन् हिमालय गं?"

गोठ्याच्या वरच्या अंगाला कडब्याची गंज होती. सुगीनंतर नुकतीच रचलेली, छपरापेक्षा उंच. ती हिमालय झाली. तिच्या खाली गोठा, तो भारत.

त्यानंतर रोजचं बोलणं तिथूनच सुरू व्हायचं. ओढ्याला पाणी आहे का, उरलवर गवत किती वाढलंय. तोंडी परीक्षेत सरांनी कोरा नकाशा पुढं ठेवला, तेव्हा मी ओढ्यापासून चालत निघाले आणि सगळ्या रांगा दाखवून गोठ्यापाशी आले. वर्गात हे कुणाला सांगितलं नाही. सांगण्यासारखी ओळखच कुणाशी नव्हती.

परवा बाकीच्यांना सुट्टी लागली. खोलीतल्या दोघी गावाला गेल्या. माझा एक पेपर राहिलाय, म्हणून मी थांबले. संध्याकाळी फोन लावला.

"हिमालय कमरंएवढा ऱ्हायलाय," माय म्हणाली. "म्हस लई खाती."

"पावसाळ्यापर्यंत पुरंल का?"

"न्हाय वाटत." मग तिनं विचारलं, "समदं दावलंस, पर तू कुठं हाईस गं ह्यात?"

मी मनातल्या मनात सगळं रान फिरून आले. धाराशिवही भारतातच.

"तू गोठ्यात उभी आहेस ना, तिथंच."

"हितं?" ती म्हणाली. "हितं तर मी एकलीच हाय."

तिच्या मागं म्हैस रेकली, माझ्या मागं पंखा कुरकुरत होता. पण "ठेव" असं त्या दिवशी दोघींपैकी कुणीच म्हणालं नाही.