तुमीच वाचा, बाबू

नेरच्या आमच्या शाळेतला शिपाई बसण्याआधी प्रत्येक खुर्ची दुपट्ट्याने पुसायचा. संस्थेने त्याला चोरीच्या आरोपावरून काढलं, तेव्हा तो आदेश प्रार्थनेच्या वेळी सगळ्यांसमोर शाळेचा कारकून म्हणून मीच वाचला. आरोप खोटा आहे हे मला माहीत होतं. तरीही कोर्टाच्या तारखेला जाताना एसटीत भेटला की तो माझीही सीट पुसायचा.

परवा तो केस जिंकून परतला. नोकरी पुन्हा मिळाली, मधली सगळी वर्षं पेन्शनला धरली गेली. प्रार्थनेला त्याने निकाल माझ्या हातात दिला.

"तुमीच वाचा, बाबू. तवाही तुमीच वाचलं व्हतं."

मी वाचू लागलो.

"जोरात. मांगच्या लेकराईले आयकू गेलं पाह्यजे."

मी जोरात वाचलं.

दाराजवळचं त्याचं स्टूल मी सकाळीच पुसून ठेवलं होतं. तो न पुसता बसला.