दादा पीत नव्हता

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, मुलीला तर नाहीच. आणि सांगताना मला रडायचंही नाही — मला संताप आलेला आहे, इतकी वर्षं झाली तरी तो उतरत नाही.

माझा थोरला भाऊ, दादा, मालवणच्या धक्क्यावरून किल्ल्यापर्यंत पर्यटकांची होडी न्यायचा. आमचा बाप दारूत गेला, तेव्हा मी शाळकरी होतो. दादानं लग्न केलं नाही. मला शिकवलं, मास्तर केलं. बापाचं सगळं बघितलं होतं म्हणून असेल, त्यानं दारूच्या थेंबालाही हात लावला नाही. शिमग्यात धक्क्यावरचे सगळे झिंगलेले असायचे आणि हा एकटा सोडा पीत बसायचा.

साठीला आला तेव्हा त्याची चाल बदलली. होडीतून एका ढांगेत धक्क्यावर उतरणारा माणूस — तो पाय फाकवून, घासत चालायला लागला. निघायचं तर पाय जमिनीला चिकटल्यासारखे. वळायचं तर जागच्या जागी कितीतरी बारीक पावलं. काही विचारलं की उत्तर यायला वेळ लागे. कधी मोरीपर्यंत पोचायच्या आत पॅन्ट ओली व्हायची. बघणाऱ्याला काय वाटेल? लोकांना दारूचाच संशय यायला लागला.

मी त्याला गोव्याच्या मोठ्या इस्पितळात नेलं. डोक्याचा एमआरआय झाला. डॉक्टरीणबाईंनी मला समोर बसवून नीट समजावलं. बीपी कित्येक वर्षं वाढलेलं होतं, कुणी तपासलंच नव्हतं. त्यानं मेंदूतल्या केसासारख्या बारीक रक्तवाहिन्या खराब झाल्या होत्या. मेंदूच्या आतल्या पांढऱ्या भागातून निरोप इकडून तिकडे जातात, त्या भागाला रक्त कमी पडत होतं.

"पाय चांगले आहेत त्यांचे," त्या म्हणाल्या. "मेंदूचा निरोप पायापर्यंत उशिरा पोचतो. झालंय ते भरून येणार नाही, पण बीपी सांभाळलं तर पुढचं लांबवता येईल. आणि घरी, शेजारी, सगळ्यांना सांगा हे. माहीत असलं म्हणजे लोक घाई करत नाहीत. हात देतात."

सगळ्यांना सांगा. मी काय केलं? घरी येऊन म्हणालो, कमरेत नस दबलीय. गोळ्या नेमानं दिल्या, ते खरं. पण आजाराचं नाव गिळून टाकलं. कारण तेव्हा माझ्या मुलीचं, स्नेहलचं, लग्न जुळत होतं. देवगडचं स्थळ, हापूसच्या बागा. आणि मेंदूचा आजार म्हटलं की आपल्याकडे लोक काय समजतात, हे तुम्हाला सांगायला हवं का? घराण्यात वेड आहे, असं समजतात. हृदयाचं ऑपरेशन आपण चारचौघांत रंगवून सांगतो आणि मेंदूचं नाव निघालं की दार लावून घेतो. चीड येते मला याची. पण — दार लावणारा मीच होतो ना?

पाहुणे आले त्या दिवशी मी दादाला आत बसायला सांगितलं होतं. स्नेहलला त्यानं खांद्यावर खेळवलेलं, तो कसा बसेल? नवा शर्ट घालून बाहेर आला. पडवीच्या उंबऱ्यावर पाय अडला, तोल गेला, दाराची चौकट धरून तसाच उभा राहिला. पॅन्टवर ओल दिसत होती. मुलाच्या वडिलांनी मला हळूच विचारलं, "भावांना बरं नाही का?"

इथे — इथे मला थांबावंसं वाटतं. नुसतं "हो" म्हणता आलं असतं. पण मग काय झालंय, असं त्यांनी विचारलं असतं. म्हणून मी हसलो. अंगठा तोंडाशी नेला आणि म्हणालो, "घेतात थोडी. जुनी सवय."

ते मोकळे झाले. "असू द्या हो, कुणाकडे नसतं?"

बघा. दारुडा काका चालला. आजारी काका चालला नसता. लग्न ठरलं.

दादा हाताच्या अंतरावर उभा होता. शेजारची रोझीबाय चहाचे कप घेऊन आली होती, तिनंही ऐकलं. मला वाटलं, दादाला कळलंच नाही. दोन-तीन दिवसांनी मी त्याच्या शर्टाची बटणं लावत होतो, तेव्हा म्हणाला, "माझ्या तोंडाचो कधी वास इलो काय रे तुका?"

"कसलो वास?" मी म्हटलं. मला चांगलं समजलं होतं.

तो रडायला लागला. या आजारात रडू लवकर फुटतं, असं डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं. मी तेवढंच धरून बसलो. आजारानं रडतोय. आणि शाळेत निघून गेलो.

लग्नानंतरच्या उन्हाळ्यात दादा मासळीबाजाराच्या वळणावर पडला. भर दुपारी, तापलेल्या रस्त्यावर. माणसं बाजूनं गेली. ज्यांना त्यानं होडी चालवायला शिकवली, तेही गेले. एकानं मोबाइल काढून चित्रण केलं. कुणीतरी म्हणालं, "बापाशीसारखोच निघालो हो." मी शाळेतून धावत पोचलो तेव्हा तो तसाच होता — खुबा मोडलेला, ओठ सुकलेले. नंतर तो अंथरुणातून उठला नाही. पाऊस लागायच्या आत गेला.

बाराव्याला जेवायला आलेल्यांवर मी ओरडलो. माणूस उन्हात पडलाय आणि तुम्ही बाजूनं चालत जाता? कसली माणसं तुम्ही? सगळे खाली बघत होते. रोझीबाय तेवढी बोलली, शांतपणे — "मास्तरानू, तो दारू पिता म्हणान आमका कोणी सांगितल्यान? तुमीच मा?"

मी तिला हाताला धरून घराबाहेर काढलं. तेही सांगायला हवं.

गेल्या मे महिन्यात स्नेहल आणि जावई राहायला आले होते. जावई मित्रांकडून थोडी पिऊन आले. स्नेहल ताटावरच चिडली. "आमच्या काकांचं काय झालं, माहीत आहे ना? पिऊन रस्त्यावर पडले आणि गेले. माझ्या मुलांना मी असलं बघू देणार नाही." माझंच वाक्य सासरहून फिरून तिच्यापर्यंत आलं होतं. मग ती माझ्याकडे वळली. "बाबा, तुम्ही सांगा ना यांना."

सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हणालो, "ती खरं बोलतेय."

आणि जेवत राहिलो.