काही लागलं नाही मला

शाळेतून निवृत्त झाल्यावर मला एक विचित्रच काम मिळालं. माझी एक जुनी विद्यार्थिनी पुण्यात असते. शंभरेक वर्षांपूर्वीचे अमेरिकन मूकपट ती मराठी पाट्या लावून इंटरनेटवर टाकते. घोडे, बंदुका, धुळीनं भरलेली गावं, ज्यांना वेस्टर्न म्हणतात ते सिनेमे. मधूनमधून पडद्यावर इंग्रजी पाट्या येतात. त्यांचं मराठी मी आमच्या गावच्या बुधवारा मोहल्ल्यातल्या घरी बसून करायची.

सासूबाई शेजारी येऊन बसायच्या. त्या तापीकाठच्या केळीवाल्यांच्या घरातल्या, शाळा अजिबात नाही. पण या सिनेमांत कुणी बोलतच नाही, म्हणून त्यांना ते फार आवडायचे. पाटी आली की मी वाचून दाखवायची.

त्यातली एक नटी आम्हा दोघींची लाडकी झाली. तिचे सिनेमे चारच. पहिल्या तीन सिनेमांत कुणाची तरी बहीण, नाहीतर दुकानातली मुलगी. चौथ्यात नायिका. घोडा पळायला लागला की ती खरंच हसायची. चौथ्यानंतर ती कुठेच नाही. लग्न झालं असेल, असं मी धरून चालले होते.

त्या चौथ्या सिनेमात तिचा घोडा भरधाव येतो, अडखळतो आणि ती त्याच्या डोक्यावरून खाली आदळते. काय काम केलंय पोरीनं, म्हणून मी ते पाच-सहा वेळा पाहिलं होतं. घरी आलेल्या पाहुण्यांनाही दाखवलं होतं. त्या दिवशी सासूबाई ते पहिल्यांदा बघत होत्या. नायक धावत येतो, तिचं डोकं मांडीवर घेतो, आणि पाटी येते.

"काय म्हणते?" सासूबाईंनी विचारलं.

"म्हणते, काही लागलं नाही मला."

"कधी म्हणाली? तोंड तर उघडलंच नाही तिनं."

मी हसले. "आई, सिनेमा आहे तो."

"मागं घे बरं."

मी मागे घेतलं. त्या पडद्याला नाक लागेल इतक्या पुढे वाकल्या.

"हे खोटं नाही बाई. पाय बघ तिचे. माझा भाऊ गाडीवरून पडला, तेव्हा अस्सेच पडले होते त्याचे पाय. उठला नाही तो पुन्हा."

मी आजवर तिचा चेहराच पाहत आले होते. आता पाय पाहिले. गुडघे भलतीकडेच वळलेले होते.

मी लगेच पुण्याला फोन लावला. विद्यार्थिनीला काही माहीत नव्हतं. चार दिवसांनी तिनं त्या नटीच्या गावच्या जुन्या वर्तमानपत्रातली एक बातमी शोधून पाठवली. मणका मोडला होता. वय एकवीस. त्यानंतर ती बहिणीच्या घरी खाटेवरच राहिली. आणि कंपनीनं ते पडणं तसंच सिनेमात ठेवलं, वर ती पाटी चिकटवली.

म्हणजे तिनं कधीच न उच्चारलेलं वाक्य मी मराठीत तिच्या तोंडी घातलं होतं. आणि पाहुण्यांबरोबर टाळ्याही वाजवल्या होत्या.

"ही पाटी काढून टाक," मी फोनवर म्हणाले.

"मॅडम, मूळ सिनेमात आहे ती. कशी काढू?"

बराच वाद झाला. शेवटी सिनेमाच्या सुरुवातीला खरी हकिकत घालायचं ठरलं. ती मी लिहिली. सासूबाईंना वाचून दाखवली, तेव्हा त्यांनी एवढंच विचारलं, "बहीण नीट बघायची का तिला?"

बातमीत ते नव्हतं. मी तसं सांगितलं. त्या उठून आत गेल्या आणि पुन्हा कधी सिनेमा बघायला बसल्या नाहीत.

सिनेमा इंटरनेटवर आला त्याच दिवशी त्याच्याखाली कुणीतरी लिहिलं, "क्या गिरी है यार, कमाल!" सुरुवातीची हकिकत त्यानं वाचलीच नव्हती. मी त्याला हिंदीत सगळं लिहून कळवलं. संध्याकाळी त्याचं उत्तर आलं, "सॉरी आंटी, मुझे लगा एक्टिंग है."

मलाही तसंच वाटलं होतं, असं मी त्याला लिहिलं.