शिपाई क्रमांक दोनचं बारसं

डीटर गेला तेव्हा त्याच्या उशाशी मीच होते. चार दिवसांनी इथल्या पेपरात मथळा आला, ‘टीव्हीवरचा लाडका नाझी गेला’. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

डीटर क्रेलमान, नॉटिंगहॅममधला आमचा शेजारी, मूळचा जर्मन नट. उभी हयात इंग्लिश सिनेमा-मालिकांत गणवेश घालून ओरडला आणि गोळी खाऊन पडला. श्रेयनामावलीत फक्त ‘जर्मन शिपाई २’. आमच्या नातीच्या बारशाला आला होता. आत्यानं बाळाच्या कानात ‘कुर्रऽऽ’ करून नाव सांगितलं, बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घातले आणि हा हरखलाच. पुढच्या आठवड्यात स्क्रिप्ट घेऊन स्वयंपाकघरात हजर! “या बिचाऱ्याला नावच नाही. माधवी, तू आत्या हो.” तेव्हापासून त्याच्या प्रत्येक भूमिकेचं बारसं आमच्याकडे. नाव तो शोधायचा, मी त्याच्या कानात सांगायचे, आणि धपाटा घालायची हौस आमचे हे भागवून घ्यायचे. मग शिरा. नाव, गाव, धंदा सगळं तो एका निळ्या वहीत उतरवायचा.

एकदा एक नवा दिग्दर्शक म्हणाला, “पाच मिनिटांत मरतोस, नाव कशाला?”

“मग पाच मिनिटं तरी नावानं जगू दे,” डीटर म्हणाला. गोळी सुटली, तरी हा उभाच. ‘एमिल’ म्हणून हाक मारल्याशिवाय पडणार नाही म्हणे! तीन टेक वाया गेले, तेव्हा कुठे हाक आली आणि हा पडला... त्यानंतर दोन वर्षं त्याला कुणी काम दिलं नाही.

मी चिडले. “मुकाट्यानं पडला असतास तर काय बिघडलं असतं?”

“एमिलचं बिघडलं असतं,” म्हणाला आणि शिऱ्यासाठी वाटी पुढे केली.

क्रेमेटोरियममध्ये मी शवपेटीवर वाकले आणि म्हणाले, “कुर्रऽऽ... डीटर क्रेलमान.” लोक बघत राहिले. बघू देत. ह्यांनी माझ्या पाठीत धपाटा घातला.

संपादकांना मी वहीतली सगळी नावं पाठवली. उत्तर आलं, ‘सॉरी, स्पेसचा प्रॉब्लेम आहे.’ असू दे. एमिल, सुतार. योसेफ, शाळेत भूगोल शिकवणारा. कार्ल, ज्याला पोहता येत नव्हतं... वही माझ्या मसाल्यांच्या कपाटात आहे. ज्यांना डीटर नुसता नाझी वाटला, त्यांनी खुशाल यावं, ती पहिल्या पानापासून मोठ्यानं वाचावी. शिरा मी करीन, पण वाचून झाल्यावरच वाढीन.