चिटणिसाचा कोपर

राजा पळाला तेव्हा विमानात त्याच्या कुत्र्यांना जागा मिळाली, पण वीस वर्षं त्याची भाषणं लिहिणाऱ्या चिटणिसाला मिळाली नाही. चिटणीस बायकोला घेऊन डोंगर ओलांडून परमुलखात आला आणि लॉण्ड्रीवरच्या एका खोलीत बसून त्याने आपल्या आठवणी लिहिल्या. राजाची सगळी अंडीपिल्ली बाहेर काढली.

प्रकाशक खोलीवर आला. मजकूर त्याला आवडला होता. "फक्त मुखपृष्ठाला तुमचा राजासोबतचा फोटो हवा," तो म्हणाला. "नाहीतर लोक म्हणतील, हा कोण टिकोजीराव लागून गेला?"

चिटणिसाच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. फोटोच्या वेळी चिटणिसाने बाजूला सरायचं, हा राजवाड्याचा नियमच होता. बायकोने जपून आणलेले फोटो टेबलावर पसरले. सगळीकडे राजा एकटा दात काढून उभा होता. एकात मात्र कडेला काळ्या कोटाचा कोपर आला होता.

"हा कोणाचाही असेल," प्रकाशक म्हणाला.

"कोणाचाही कसा?" बायको कडाडली. "त्यावरचं ठिगळ माझ्या हातचं आहे. हे फाटक्या कोटात त्याच्या मागे उभे राहायचे, पण त्या मेल्याने कधी मान वळवून पाहिलं नाही."

प्रकाशक वरमला. "मग असं करू, हाच फोटो घेऊ. राजाचा चेहरा जरा मोठा करतो."

चिटणिसाने बायकोच्या शिवणाच्या डब्यातली कात्री काढून त्याच्यापुढे आपटली.

"वीस वर्षं मला कापलं. आता त्याला कापा. कोपर ठेवा."