उंब्रियन पूजेचा पुजारी
पितळ घासायच्या पावडरीचा वास आला की मला ग्लासगो आठवतं. आता बर्फ येईल, गोरी पोरगी येईल असं वाटलं असेल तर सॉरी, माझी जळली होती एका मेलेल्या भाषेवरून. उंब्रियन, म्हणजे लॅटिनची इटलीतलीच चुलत बहीण. तिच्यातली एक अख्खी पूजा ब्राँझच्या पत्र्यांवर कोरलेली सापडलीय. युनिव्हर्सिटीच्या ओपन डेला, म्हणजे बाहेरच्या लोकांना कॉलेज दाखवायच्या दिवशी, आमचा वर्ग ती करून दाखवणार होता, आणि प्रोफेसरबाईंनी पुजारी निवडला तो लंडनच्या स्टॅनमोरला जन्मलेला मराठी पोरगा. ज्याच्या तोंडी 'माझा आई' येतं, तो पुजारी! मी नुसतं ऐकून ऐकून सगळं पाठ केलेलं, आणि मला काम काय, तर पत्र्यांच्या नकला घासून चकचकीत करायच्या. त्या दिवशी हॉल गच्च भरला होता. पठ्ठ्या झकास म्हणत होता, मी कोपऱ्यात धुमसत होतो, आणि मधेच तो गप्प झाला. नुसते ओठ हलत होते. विसरला वाटतं! मी टुणकन पुढे गेलो आणि आमच्या गावच्या गुरुजींच्या खणखणीत सुरात पुढचं सगळं म्हणून टाकलं. टाळ्या पडल्या. तो कानाशी पुटपुटला, "अरे, मॅड आहे का तू? ती प्रेयर मनातच करायचा असतो, तसा लिहिलाय तिथे!" बाई तर लालबुंद झाल्या होत्या. "एवढं पाठ केलंस, अर्थ एकदा तरी विचारायचास! पूजेत चूक झाली की सगळी पहिल्यापासून करायची, हाही त्यांचाच नियम आहे. आता सांग जा लोकांना, बसा म्हणावं परत."