क्लिफर्ड हॅलिवेलचे अकरा सेकंद

साऱ्या इंग्लंडला पोट धरून हसवणाऱ्या एका मालिकेत क्लिफर्ड हॅलिवेल अकरा सेकंद होता. शवपेटीवाल्याचा काळा कोट घालून त्याने दार वाजवायचं, समोर आलेल्या भाडेकरूला अदबीने विचारायचं, "मेलेले गृहस्थ आपणच का?" आणि दार नाकावर आपटून घ्यायचं. या महान भूमिकेसाठी त्याने लँकशायरमधल्या आपल्या घरी आठवडाभर तालीम केली.

"लग्नात 'हो' म्हणायची इतकी तयारी केली असतीस, तर अडखळला नसतास," बायको एडना म्हणाली.

क्लिफर्डला लंडनच्या टीव्हीचं काही पडलं नव्हतं. त्याला हवा होता गावच्या मजूर क्लबातला शनिवारचा कार्यक्रम. चार वर्षांपूर्वी याच रंगमंचावर तो विनोद सांगत असताना करमणूक चिटणीस अर्नेस्ट ग्रिमशॉ याने माइक हिसकावून 'गरम मटण पॅटिस आले' असं जाहीर केलं होतं. संध्याकाळचा सगळ्यात मोठा हशा आणि टाळ्या पॅटिसला मिळाल्या.

आता ग्रिमशॉ म्हणाला, "टीव्हीवर दिसलास तर शनिवार तुझा. पण समितीने इथं बसून, स्वतःच्या डोळ्यांनी बघायला हवं. ऐकीव गोष्टींवर आम्ही ठराव करत नसतो."

गुरुवारी आठला सगळे क्लबात जमले. नेमका आधीचा फुटबॉल सामना लांबला आणि मालिका उशिरा लागली. साडेआठ वाजले, तरी पडद्यावर क्लिफर्डचा पत्ता नाही. ग्रिमशॉने टीव्हीचा आवाज शून्यावर नेला.

"हौजी सुरू! शांतता!"

"अर्नेस्ट, दोनच मिनिटं थांब ना रे!" क्लिफर्ड कळवळला.

"चित्र दिसतंय ना? मग बघ की."

या क्लबाला प्रेतयात्रेत खोकलेलं चालतं, हौजीत नाही. सगळ्या माना तिकिटांवर झुकल्या. मिसेस पिकपला एकच आकडा हवा होता. ती तर श्वासही जपून घेत होती. ग्रिमशॉ रंगमंचावर गंभीर चेहऱ्याने आकडे काढत होता. तेवढ्यात पडद्यावर काळा कोट दिसला, ओठ हलू लागले, आणि क्लिफर्डला राहवलं नाही. तो उभा राहिला आणि त्या ओठांबरोबर खणखणीत आवाजात बोलला,

"मेलेले गृहस्थ आपणच का?"

माना वर झाल्या. समोर होता ग्रिमशॉ, हातात आकड्याचा चेंडू, तोंड उघडं. आधी मिसेस पिकपला हसू फुटलं, मग सगळ्या क्लबाला. दोन म्हातारे खुर्चीवरून घसरले. ग्रिमशॉने काढलेला आकडा कुणालाच ऐकू गेला नाही.

समितीची तिथल्या तिथे बैठक बसली. हौजीत बोलल्याबद्दल सभासद हॅलिवेलला महिनाभर क्लबबंदी.

"आणि शनिवार?" क्लिफर्डने विचारलं.

ग्रिमशॉने नियमावली दोनदा चाळली. "टीव्हीवर दिसलास, हे समितीने पाहिलंय. ठराव तो ठराव. बंदी सभासदाला आहे, कलाकाराला नाही. कलाकार मागच्या दाराने येतो. पण बारकडे फिरकलास तर याद राख."

शनिवारी क्लिफर्ड मागच्या दाराने आला आणि घसा कोरडा असतानाही पाऊण तास बोलला. पॅटिस आले तेव्हा एडनाने दारातच पाय रोवले, आणि ते थंड होईपर्यंत तिने कुणालाही आत येऊ दिलं नाही.